फुग्यातलं पिल्लू

९ जानेवारी
लपण, नदीकाठ

मामा,

तू पाठवलेले आवाज पोहोचले. जीपवाले काका आठवड्यातून एकदा येतात. पिण्याचं पाणी, भाजी आणि भरलेल्या बॅटऱ्या देतात आणि मी चित्रित केलेली कार्डं घेऊन जातात. इथे फोनला रेंज नाही, त्यामुळे तुझ्याशी भांडायचं तर पत्रातूनच भांडावं लागेल.

काम पुन्हा एकदा सांगते, कारण पहिल्या खेपेवरून ते तुला नीट कळलेलं दिसत नाही. मी नदीच्या या काठावर गवताच्या लपणात, लांबच्या भिंगामागे बसते. पाणमांजर पलीकडच्या काठावर असतं. एवढ्या अंतरावरून चित्र मिळतं, आवाज मिळत नाही. चित्रात ते मासा कचाकचा खातं आणि ऐकू येतो फक्त वारा. म्हणून प्रत्येक पाऊल, प्रत्येक चावा, पाण्यातली प्रत्येक बुडी तुझ्या खोलीत तयार व्हायची आहे. आयुष्यभर तू हेच केलंस: नायकाच्या थपडा, खलनायकाचे बूट, घोड्यांच्या टापा. वाहिनीचे साहेब म्हणत होते की संगणकात तयार आवाज भरपूर पडले आहेत, माणूस कशाला हवा. मी तुझं नाव लावून धरलं.

आता भांडण. बगळा चिखलातून चालतो, त्या दृश्याला तू दिलेले आवाज खलनायकाच्या बुटांचे आहेत. त्या बगळ्याचं वजन दुधाच्या दोन पिशव्यांएवढंही नाही. ऐकताना मला वाटलं, आता तो सिगार पेटवणार.

माझी परिस्थिती तुला ठाऊक आहे, तरी लिहून ठेवते. तीन वर्षं मी टोपीवाल्यांच्या कार्यक्रमाची कॅमेरावाली होते. ते निवेदक. प्राण्याकडे पाठ करून, कॅमेऱ्यासमोर उकिडवे बसून कुजबुजतात, आणि माझं काम त्यांची टोपी फोकसमध्ये ठेवणं. हा पहिला चित्रपट माझा आहे. दिग्दर्शन माझं, कॅमेरा माझा, मध्ये टोपी नाही. साहेबांची अट एकच. मार्चमध्ये धरणाचं पाणी सोडतात तेव्हा हा काठ बुडतो, त्याआधी पाणमांजराची पिल्लं बिळाबाहेर आलेली कॅमेऱ्यात मिळाली पाहिजेत. नाही मिळाली तर टोपीवाले येतील, काठावर बसून कुजबुजतील, आणि मी काढलेलं सगळं त्यांच्या बोलण्याच्या मध्ये मध्ये चिकटवलं जाईल.

पिल्लं आहेत. आई मासे घेऊन झाडाच्या मुळांखालच्या बिळात जाते आणि रिकाम्या तोंडाने बाहेर येते. पण पिल्लं काही अजून बाहेर आलेली नाहीत.

बगळा पुन्हा कर. हलका.

तुझी भाची


१७ जानेवारी

इंजिनीअरीणबाई,

बगळा पुन्हा केला. भिजवलेल्या पिठात दोन बोटं चालवली. यापेक्षा हलका बगळा हवा असेल तर मग तो उडवूनच लाव.

तुझं पत्र वाचून मी जरा फुगून बसलो होतो. चाळीस वर्षं मी लोकांच्या थोबाडीत मारत आलो, आजवर कुणी तक्रार केली नाही. एक नायिका तर मला म्हणाली होती की खरी बसली तेव्हाही तिला एवढी लागली नव्हती, जेवढी पडद्यावर माझी ऐकून लागली. आणि माझ्या कडेवर बसून मायक्रोफोन चाटणारी मुलगी आता इंजिनीअरीण होऊन मला बगळ्याचं वजन शिकवते. पण शिकव. माझ्याकडे हल्ली शिकवायलासुद्धा कुणी येत नाही.

खेकडा तयार आहे, तुझ्या मामीच्या विणकामाच्या सुया फरशीवर चालवून केला. मासा खाण्यासाठी काकड्या मोडल्या आणि मध्ये मध्ये ओलं फडकं पिळलं. पाणमांजर अंग झटकतं त्याला मी स्वतःच ओला कोट घालून अंग झटकलं. मान लचकली आहे, पण आवाज बघ काय आलाय.

पिल्लांची काळजी करू नकोस. येतील. तू लहानपणी पाहुणे आले की पलंगाखाली जाऊन बसायचीस. पाहुण्यांनी चौकशी बंद केली की आपोआप बाहेर यायचीस.

तुझा मामा

ता. क. मी मामी. काकड्या मी सॅलडसाठी आणल्या होत्या. पीठ कशासाठी होतं ते मी लिहीत नाही, कारण आता ते बगळ्याचं झालं आहे. परवा मी दोन्ही हातांत पिशव्या घेऊन दाराबाहेर उभी. आपली ती चिमणीसारखी चिवचिवणारी बेल दाबून दाबून बोट दुखलं. हा माणूस आत बसून उठायला तयार नाही. विचारलं तर म्हणतो, रेकॉर्डिंग चालू होतं. हल्ली याला माझं काहीच ऐकायचं नसतं. तू तिकडे पाणमांजराबरोबर सुखात आहेस.


२५ जानेवारी

मामा,

बगळा चांगला झाला आहे. खेकडाही. काकडी उत्तम.

एक त्रुटी आहे. बगळ्याच्या दृश्यात मागे दारावरची बेल वाजते आहे आणि बराच वेळ वाजते. तुझ्या हातून असं काही सुटल्याचं मला आठवत नाही. मी तो भाग कापून जोडून घेतला आहे, त्यामुळे पुन्हा पाठवू नकोस.

साहेबांचं पत्र आलं. टोपीवाल्यांचा तंबू बांधून तयार ठेवला आहे, 'केवळ सोय म्हणून'.

आता महत्त्वाचं काम. पिल्लं बाहेर येतील तेव्हा ती आईला हाक मारतील. ती हाक म्हणजे एक शिटी असते: बारीक, तीक्ष्ण, झटकन वर चढून तुटणारी. बिळाजवळ ठेवलेल्या छोट्या रेकॉर्डरवर एकदा मिळाली, पण वाऱ्यात बुडालेली आहे. सोबत पाठवते. तुला अंदाज येईल. ती फार हळू हवी. बिळात, आईच्या पोटाशी असलेलं पिल्लू ओरडत नाही.

मान कशी आहे? ओला कोट घालून पुन्हा अंग झटकू नकोस. त्याला टॉवेल पुरतो.

तुझी भाची


२ फेब्रुवारी

इंजिनीअरीणबाई,

शिटी झाली. कशी झाली ते ऐक.

आधी बाटलीच्या काचेवर ओलं बूच घासून पाहिलं. मग कपाटाची बिजागरी. मग तोंडाने, पण पुढचा दात गेल्यापासून माझ्या शिटीत हवाच जास्त. शेवटी फुगा सापडला. फुगा फुगवायचा, तोंड दोन बोटांनी ताणायचं आणि हवा बारीक सोडायची. दुकानदार म्हणाला, नातवाचा वाढदिवस का? मी म्हटलं, नाही, पाणमांजर आहे. त्याने मला फुगे दिले आणि उरलेले पैसे जरा लांबूनच दिले.

दोन दिवस मी तेच करत होतो. आवाज मोजणाऱ्या यंत्राचा काटा बघून बघून एकेक शिटी बरोबर मापात बसवली आहे. आता काटा जिथे हवा तिथे जातो. माझ्या मते हे माझ्या आयुष्यातलं सगळ्यात नाजूक काम आहे.

बेलचं ऐकून वाईट वाटलं. यंत्रं जुनी झाली, दुसरं काय.

तुझा मामा

ता. क. मामी लिहिते आहे. नाजूक कसलं. दोन दिवस मी कानात कापूस घालून स्वयंपाक केला. गल्लीतली सगळी कुत्री आमच्या खिडकीखाली जमून रडत होती. खालच्या मजल्यावरच्या बाई विचारायला आल्या, घरात सगळं ठीक आहे ना. मी म्हटलं, तुमच्या घरात आहे ना, मग झालं. हा मात्र फुगा धरून ध्यानस्थ.


१० फेब्रुवारी

मामा,

जे घडलं ते क्रमाने लिहिते.

हेडफोनची वायर उंदराने कुरतडली. तुझी शिटी तपासून काकांच्या हाती लगेच उत्तर द्यायचं होतं, म्हणून मी ती लपणात छोट्या स्पीकरवर लावली. प्राण्याचा आवाज त्याच्या घरासमोर वाजवायचा नसतो. हे मी शिकाऊ मुलांना स्वतः बजावलेलं आहे. पलीकडे सकाळपासून काही हललं नव्हतं. एकदाच आणि हळू, असं मी स्वतःला समजावलं. स्पीकरचं बटण सगळ्यात खाली होतं.

तुझी शिटी बटणाला जुमानत नाही.

आई बिळातून बाहेर आली, मागच्या पायांवर उभी राहिली आणि सरळ पाण्यात शिरली. तिच्यामागे तीन पिल्लं. पिल्लं पहिल्यांदाच पोहत असावीत. एक तर बराच वेळ जागच्या जागी गोल फिरत होतं. माझा हात कॅमेऱ्यावर होता आणि तो सवयीने चालत राहिला. आई थेट माझ्याकडे आली, इतकी जवळ की लांबच्या भिंगाला ती दिसेनाशी झाली. मग तिने लपणाच्या फटीतून तोंड आत घातलं. मी हलले नाही. तिने स्पीकर हुंगला, चावला, ओढून बाहेर नेला आणि काठावर टाकून दिला. स्पीकरवर दातांचे व्रण आहेत.

चित्र उत्तम आहे. आजवर मी काढलेल्यांत सर्वांत चांगलं. अडचण तीच आहे. तिची सगळी पिल्लं तिच्या मागे उभी होती, तरी ती गवतात शोधत राहिली, कारण तू तिला आणखी एक दिलं होतंस. ती हाका मारत होती आणि उत्तराची वाट पाहत थांबत होती. दुसऱ्या दिवशीपासून बीळ रिकामं आहे.

कार्ड तुझ्याकडे पाठवते आहे, ते फक्त इथे दमट हवा आहे म्हणून. त्यावर आवाज चढवू नकोस. कुणाला दाखवू नकोस. काय करायचं ते मी ठरवलेलं नाही.

एक विचारायचं आहे. शिटी करताना तू ती ऐकली होतीस, की फक्त काटा पाहिला होतास?

तुझी भाची


१५ फेब्रुवारी

बाईसाहेब,

चाळीस वर्षांत मला एकही पुरस्कार मिळाला नाही. नायकाला मिळाला, नायिकेला मिळाला, एकदा घोड्याच्या मालकाला मिळाला. आणि आता प्रत्यक्ष पाणमांजराची आई नदी ओलांडून आली आणि माझ्या आवाजाला चावून गेली. तो स्पीकर धुऊ नकोस. मला हवा आहे. काचेच्या कपाटात ठेवीन.

तू 'दाखवू नकोस' लिहिलं होतंस, ते मी वाचलं. पण असं झालं की त्याच दुपारी, तुला फोन लागत नाही म्हणून, साहेबांचा निरोप माझ्याकडे आला. मुदत संपत आली, काही मिळालं का, टोपीवाल्यांना निघायला सांगू का? माझ्याच्याने राहवेना. कार्ड खिशात घातलं आणि गेलो. साहेब खुर्चीतून उठून उभे राहिले, पोरी. चहा गार झाला. म्हणाले, चित्रपट तिचाच. हे मी स्वतःच्या कानांनी ऐकलं.

शिटी कशी लागली ते मी सांगितलं नाही. त्यांनी विचारलंच नाही.

रागावू नकोस. रागावलीस तरी आधी आनंद कर आणि मग रागाव.

तुझा मामा

ता. क. मामी. इस्त्रीवाला, दूधवाला, खालच्या बाई, सगळ्यांना सांगून झालं आहे. दूधवाल्याला फुग्यासकट करून दाखवलं. उद्यापासून तो दूध जिन्यातच ठेवणार म्हणाला.


१६ फेब्रुवारी
वाहिनी कार्यालय

प्रति दिग्दर्शिका,

आपल्या मामांनी दाखवलेलं दृश्य पाहिलं. मी या खुर्चीत बराच काळ बसलो आहे आणि सहसा उठत नाही. चित्रपट आपलाच राहील. हे दृश्य सुरुवातीला घेऊ. टोपीवाल्यांचा तंबू वाळवंटाकडे वळवला आहे. ते नाराज आहेत, नदीसाठी त्यांनी वेगळी टोपी घेतली होती.

नेहमीचा एक उपचार राहिला. दृश्यातलं वर्तन नैसर्गिक असून प्राण्याला कोणत्याही प्रकारे बोलावलं, डिवचलं अथवा आमिष दाखवलं नाही, असं दोन ओळींत कळवावं. आपल्याबाबतीत हा केवळ उपचार आहे, हे मी जाणतो.

विभागप्रमुख


२३ फेब्रुवारी

सर,

आपण मागितलेल्या दोन ओळी मी लिहू शकत नाही.

त्या दिवशी लपणात मी पिल्लाच्या हाकेचा कृत्रिम आवाज स्पीकरवर वाजवला. स्पीकरचा आवाज माझ्या निष्काळजीपणामुळे मोठा राहिला. त्यामुळे आई पिल्लांसह बाहेर आली. दृश्य नैसर्गिक नाही. ते मी मागे घेते. आवाज तयार करणाऱ्याचा यात काही दोष नाही.

बीळ सध्या रिकामं आहे, त्यामुळे दुसरं दृश्य मिळण्याची शक्यता कमी आहे. टोपीवाल्यांना कळवायचं असल्यास इथला रस्ता तंबूच्या गाडीला जमेल असा आहे.

आपली दिग्दर्शिका


२३ फेब्रुवारी

मामा,

साहेबांना खरं कळवलं आहे. स्पीकरचा आवाज मी मोठा ठेवला होता, असं लिहिलं आहे. तुला विचारलं तर तूही एवढंच सांग.

तू माझ्यासाठी गेलास हे मला कळतं. त्याविषयी अधिक लिहीत नाही.

दुसरी गोष्ट. तू आजवर पाठवलेले सगळे आवाज मी संगणकावर आलेख काढून तपासले. खालच्या पट्टीतले सगळे अचूक आहेत: पाणी, चिखल, काकडी. वरच्या, बारीक आवाजांच्या पट्टीतलं मात्र सगळं एकाच मापाने जास्त मोठं आहे. शिटी इतकी मोठी आहे की पिल्लू तसं फक्त जिवाच्या आकांताने ओरडेल. बेलसुद्धा त्याच पट्टीत आहे. चूक इतकी नेमकी एकाच जागी होते तेव्हा ती कौशल्याची नसते, उपकरणाची असते. तुझ्या खोलीतलं एखादं उपकरण वयामुळे वरच्या पट्टीत कमी पडत असावं. तपासून घे. तपासणीला फार वेळ लागत नाही आणि दुखत नाही.

एक चांगली बातमी. आज खालच्या वळणावर वाळूत ठसे दिसले. एक मोठी जोडी, तीन लहान. म्हणजे तिने फक्त घर बदललं. सगळी आहेत.

तुझी भाची


२ मार्च

पोरी,

उपकरण तपासून घेतलं. दोन्ही बाजूंचं. डॉक्टरीणबाई तुझ्याएवढीच होती. काचेच्या खोलीत बसवून म्हणाली, काका, शिटी ऐकू आली की बटण दाबा. मी वाट बघत बसलो. बऱ्याच वेळाने म्हटलं, सुरू करा ना. ती म्हणाली, संपलं.

मला माहीत होतं. पुरतं नाही, पण होतं. आधी चिमण्या गेल्या. मला वाटलं, शहरात चिमण्याच कमी झाल्या. मग बेल गेली. मग मी काट्यावर काम करायला लागलो. काटा खोटं बोलत नाही, पण तो काही ऐकतही नाही. आवाजवाल्याला ऐकू येत नाही हे कळलं तर त्याला कोण काम देणार? तुझ्या या नदीशिवाय तसंही कुणी देत नव्हतं, ते सोड.

आता तुझं. मला लिहिलंस, बटण सगळ्यात खाली होतं. साहेबांना लिहिलंस, आवाज मोठा राहिला. तू सहा वर्षांची असताना माझ्या आवाजाच्या मिक्सरची बटणं जागेवर नाहीत म्हणून मला ओरडली होतीस. तुझ्या हातून बटण चुकीचं राहील यावर साहेब विश्वास ठेवतील, मी नाही. माझ्यासाठी खोटं बोलायला तुला कुणी सांगितलं? आणि बोलायचंच तर जरा बरं बोलायचं.

मी साहेबांना पत्र टाकलं आहे. काय लिहिलं ते सांगत नाही, तू लाल पेन घेऊन बसशील.

तुझा मामा

ता. क. मामी. दोन वर्षं मी या माणसाशी भांडले की तू मुद्दाम ऐकत नाहीस. आणि याने मला भांडू दिलं. बहिरा म्हणवून घेण्यापेक्षा याला हट्टी म्हणवून घेणं बरं वाटलं. आता कानाला मशीन लावायचं आहे. पहिल्या दिवशी मी काय काय बोलणार आहे, ते ठरवून ठेवलं आहे.


७ मार्च
वाहिनी कार्यालय

प्रति दिग्दर्शिका,

मला एकाच चुकीबद्दल दोन कबुलीजबाब मिळाले आहेत. चूक आपलीच असल्याचा दोघांचाही हट्ट आहे. माझ्या नोकरीत हे प्रथमच घडत आहे. या कार्यालयात चूक सहसा बेवारस असते.

नियम असा की ते दृश्य नैसर्गिक म्हणून दाखवता येणार नाही. आपले मामा लिहितात की ते जसं घडलं तसंच दाखवावं: एक म्हातारा आपल्या खोलीत फुग्यातून पिल्लू काढतो, त्याला स्वतःला ते ऐकू येत नाही, आणि नदीपलीकडची आई त्यावर विश्वास ठेवते. 'मला दाखवा, मी चाळीस वर्षं पडद्यामागे होतो, आता पुढे यायला हरकत नाही,' असं त्यांनी लिहिलं आहे. खाली विचारलं आहे की कोट चालेल का.

मी पुष्कळ विचार केला. प्रेक्षकाला आजवर आपण कधी सांगितलं नाही की हे आवाज कुठून येतात. आता सांगावं. चित्रपट आपल्या नावाने राहील, मात्र दोन्ही बाजू आपणच चित्रित कराव्यात आणि मामांच्या बाजूलाही नदीचेच नियम लावावेत. टोपीवाल्यांना मी कळवलं आहे. त्यांना वाळवंट आवडू लागलं आहे.

विभागप्रमुख


१२ मार्च

मामा,

आधी एक प्रश्न. हे पडद्यावर आलं की तुझे कान सगळ्यांना कळतील, आणि काम मिळायची जी थोडी शक्यता आहे तीही जाईल. मला चित्रपट मिळावा म्हणून तू हे करत असशील, तर करू नकोस. मी टोपी फोकसमध्ये ठेवू शकते. मला सवय आहे.

तरीही करायचं असेल, तर नियम असे. मी खोलीच्या कोपऱ्यात बसेन. पहिले काही दिवस कॅमेरा सुरू करणार नाही, तू मला सरावल्यावर करेन. माझ्याकडे बघायचं नाही. माझ्याशी बोलायचं नाही. कोट नाही. केसांना कलप नाही. मामीला सांग, एरवी जे बोलते तेच बोल.

तुझी भाची


१५ मार्च

बाईसाहेब,

तुझ्यासाठी करत नाही. थोडं तुझ्यासाठी. पण मुख्य म्हणजे लपवून लपवून माझी मान आखडली आहे, ओल्या कोटापेक्षा जास्त. ये.

कलप आधीच लावला आहे. तो उतरायला वेळ लागतो, हे तुला सांगायला हवं होतं.

तुझा मामा

ता. क. मामी. एरवी जे बोलते ते वाहिनीवर चालेल का, हे साहेबांना एकदा विचार.


२० एप्रिल

सर,

सोबत चित्रपटाची अंतिम प्रत पाठवते आहे. मामांच्या बाजूच्या चित्रीकरणाविषयी थोडं लिहिणं आवश्यक वाटतं.

सुरुवातीचे दिवस निरुपयोगी गेले. चित्रीकरणाचा विषय, म्हणजे मामा, कोट घालून येत होता आणि उकिडवा बसून माझ्याकडे पाहत कुजबुजत होता. मी कॅमेरा सुरू केला नाही. पुढे कलप उतरला, कोट खुंटीवर गेला आणि तो मला विसरला. त्यानंतर त्याचं खाणं, काम आणि मामीशी होणारे व्यवहार हे सर्व नैसर्गिक आहे. मामी काकड्या परत नेते, ते दृश्य मी मांडलेलं नाही. ते रोज घडत होतं.

मधल्या काळात त्यांच्या कानाला मशीन बसलं. पहिल्या दिवशी मामीने बोलायचं ठरवून ठेवलं होतं ते सगळं विसरून ती नुसतीच दार उघडून बाहेर गेली आणि बेल वाजवली. ते उठून दार उघडायला गेले. हे चित्रपटात आहे.

मग त्यांनी फुगा घेतला आणि पूर्वीसारखी शिटी करून पाहिली. आपली शिटी त्यांनी त्या दिवशी पहिल्यांदाच ऐकली. त्यांनी फुगा टेबलावर ठेवला. नंतर, नियम मोडून, माझ्याकडे बघून म्हणाले, "हे असं होतं? आणि तू मला रागाचा एक शब्द बोलली नाहीस?"

मी तेव्हाही बोलले नाही. कॅमेरा चालू होता.

आपण ठरवलं होतं त्याप्रमाणे शेवटी त्यांनी पडद्यावर नदीचं दृश्य पाहत ती शिटी पुन्हा, योग्य मापात, करायची होती. आता त्यांना ती करता आली असती. त्यांनी फुगा फुगवला. आई बिळातून बाहेर आली, उभी राहिली, पाण्यात शिरली. ते पाहत राहिले. ती आमच्या काठाला लागून गवतात शोधू लागली, तेव्हा त्यांनी बोटं सैल केली आणि हवा आवाज न करता सोडून दिली. मामी दारातून म्हणाली, "अहो, करा ना." ते म्हणाले, "ती आली ना एकदा. आता पुन्हा कशाला बोलवायचं तिला?"

पाणी, चिखल, गवत, तिचा श्वास, पिल्लांचं धडपडत काठावर चढणं, हे सर्व आवाज त्यांनी दिले आहेत आणि ते अचूक आहेत. पिल्लाची शिटी या दृश्यावर नाही. आपल्या तंत्रज्ञांना तिथे जागा रिकामी वाटेल. ती तांत्रिक चूक नाही. कृपया भरून काढू नये.

आपली दिग्दर्शिका